ब्लूमचा दिवस

ग्रंथकारांचे दिवस पाळण्याची चाल बहुतेक सर्व सुधारलेल्या देशांत आढळते. कोठें कवीचा जन्मदिवस साजरा होतो, कोठें पुण्यतिथि. आपल्याकडे कुसुमाग्रजांचा जन्मदिवस, २७ फेब्रुवारी, हा मराठी भाषेचा गौरवदिन ठरला आहे. शेक्सपिअरच्या गांवीं एप्रिल महिन्यांत त्याच्या जन्मदिवसाची मिरवणूक निघते. परंतु आयर्लंडच्या राजधानींत, डब्लिन शहरांत, दरवर्षीं १६ जून रोजीं जो उत्सव होतो तो या सर्वांहून निराळा आहे. त्या तारखेला कोणी थोर पुरुष जन्मला नाहीं कीं निवर्तला नाहीं. लढाई जिंकली गेली नाहीं कीं तह झाला नाहीं. १९०४ सालच्या त्या दिवशीं लिओपोल्ड ब्लूम नांवाचा ३८ वर्षांचा एक गृहस्थ सकाळीं उठला, न्याहारी करून बाहेर पडला, दिवसभर शहरांत हिंडला आणि मध्यरात्र उलटल्यावर घरीं परतला, एवढेंच काय तें घडलें; आणि तेंही खरोखर घडलें नाहीं, कारण हा गृहस्थ कधीं अस्तित्वांतच नव्हता. जेम्स जॉइस याच्या 'युलिसिस' या कादंबरीचा तो नायक होय. या उत्सवाला 'ब्लूम्सडे', म्हणजे ब्लूमचा दिवस, असें म्हणतात.

एखाद्या उत्सवाचा विचार वाङ्मयविषयक मासिकांत कशाला, असें कोणी विचारील. आमचें उत्तर असें कीं, ग्रंथाचा उत्सव ही त्या ग्रंथावरील एक प्रकारची टीकाच असते. टीकाकार ज्याप्रमाणें कांहीं स्थळें निवडून वाचकांपुढें ठेवतो आणि कांहीं वगळतो, त्याचप्रमाणें समाजही पुस्तकांतील कांहीं गोष्टी उचलतो व कांहीं विसरतो. फरक इतकाच कीं, टीकाकाराला आपल्या निवडीचीं कारणें द्यावीं लागतात. समाज तीं देत नाहीं. तेव्हां डब्लिनकरांनीं या पुस्तकांतून काय उचललें आणि काय टाकलें, हें पाहणें टीकेच्या कक्षेबाहेरचें नाहीं.

प्रथम पुस्तकाची थोडी ओळख करून घेऊं. 'युलिसिस' १९१४ ते १९२१ या काळांत त्रिएस्त, झुरिच आणि पॅरिस या शहरांत लिहिलें गेलें व २ फेब्रुवारी १९२२ रोजीं, ग्रंथकाराच्या ४० व्या वाढदिवशीं, पॅरिसमध्यें प्रसिद्ध झालें. सिल्व्हिया बीच या अमेरिकन बाईंचें तेथें पुस्तकांचें लहानसें दुकान होतें. त्यांनीं पदरचें धाडस करून १००० प्रतींची पहिली आवृत्ति काढली. त्यापूर्वीं 'लिटल रिव्ह्यू' नांवाच्या अमेरिकन मासिकांत कांहीं प्रकरणें येत होतीं, पण १९२१ सालीं अश्लीलतेच्या आरोपावरून मासिकाच्या दोन्ही संपादिकांना दंड झाला आणि तें प्रकाशन थांबलें. अमेरिकेंतील बंदी उठण्यास १९३३ साल उजाडावें लागलें.

होमरच्या महाकाव्यांतील वीर ट्रॉयचें युद्ध संपल्यावर दहा वर्षें भटकून स्वदेशीं पोंचतो. त्याचेंच रोमन नांव युलिसिस. जॉइसनें हीं दहा वर्षें एका दिवसांत आणि सारा समुद्र एका शहरांत आणून ठेवला, आणि वीराच्या जागीं वर्तमानपत्रांसाठीं जाहिराती मिळवीत फिरणारा एक मध्यमवर्गीय माणूस उभा केला. त्याच्या मनांत क्षणोक्षणीं जें जें उमटतें तें, व्याकरणाची वा क्रमाची तमा न बाळगतां, जसेंच्या तसें कागदावर उतरविण्याची ही पद्धति आपल्याकडे संज्ञाप्रवाह या नांवानें ओळखली जाते. बा. सी. मर्ढेकर यांनीं १९४२ सालीं 'रात्रीचा दिवस' या कादंबरींत हें तंत्र मराठींत आणलें, तेव्हां आपल्या रसिकांना त्याचा पहिला ठळक परिचय घडला. म्हणून जॉइस आपल्याला अगदींच परका नाहीं.

परंतु तंत्राच्या चर्चेंत कथा हरवतां कामा नये. ब्लूमचा बाप हंगेरींतून आलेला ज्यू. आयर्लंडांत स्थायिक झाल्यावर विराग हें कुलनाम टाकून त्यानें ब्लूम हें नांव घेतलें, आणि पुढें विष घेऊन प्राण दिला. ब्लूमचा एकुलता एक मुलगा रूडी ११ दिवसांचा होऊन वारला. त्याला दहा वर्षें होऊन गेलीं, तरी बापाच्या मनांतून तो गेलेला नाहीं. बायको मॉली ही गायिका. तिच्या जलशांची व्यवस्था पाहणारा बॉयलन नांवाचा एक रंगेल मनुष्य त्या दिवशीं चार वाजतां घरीं येणार आहे, आणि तो कशासाठीं येणार हें ब्लूमला सकाळपासून ठाऊक आहे. तो दिवसभर हिंडतो त्याचें कारण यांत आहे. त्याला कामें आहेत, एका मित्राच्या अंत्ययात्रेला जावयाचें आहे, हें सर्व खरें. पण मुख्य गोष्ट ही कीं, त्याला त्या वेळीं घरीं जातां येत नाहीं. ही एक गोष्ट ध्यानांत ठेवली म्हणजे पुढील विवेचन समजण्यास सोपें जाईल.

आतां हाच दिवस कां, याचा उलगडा जॉइसच्या चरित्रांत सांपडतो. गॉलवेकडून आलेली नोरा बार्नेकल ही तरुणी डब्लिनमधील एका हॉटेलांत नोकरीस होती. ती जॉइसबरोबर प्रथम फिरावयास गेली तो दिवस १६ जून १९०४ हा, असें चरित्रकार मानतात. त्याच वर्षीं ऑक्टोबरांत दोघांनीं देश सोडला, आणि १९१२ नंतर जॉइसनें आयर्लंडच्या भूमीवर पुन्हां पाऊल ठेवलें नाहीं. ज्या दिवशीं त्याला स्वतःला जन्माची सोबत मिळाली, तोच दिवस त्यानें आपल्या नायकाला एकाकीपणाचा म्हणून दिला. आणि आपली खूण पुस्तकांत कोठेंही उघड केली नाहीं. या उत्सवाच्या मुळाशीं अशी एक खाजगी आठवण आहे.

उत्सवाचा आरंभही खाजगीच होता. जून १९२४ मध्यें जॉइस डोळ्यांच्या दुखण्यानें पॅरिसमध्यें अंथरुणाला खिळला होता. त्याच्या स्नेह्यांनीं त्याला निळ्या व पांढऱ्या फुलांचा गुच्छ पाठविला, कारण पुस्तकाच्या पहिल्या आवृत्तीचें वेष्टन त्याच रंगांचें होतें. कांहीं मंडळी 'ब्लूमचा दिवस' म्हणून एक दिवस पाळतात, असा उल्लेख त्या महिन्यांतील त्याच्या एका पत्रांत आहे. मात्र पुढें कोणाला ही तारीख आठवेल कीं नाहीं, अशी शंका त्यानें त्याच सुमारास आपल्या टिपणवहींत नमूद केली आहे. १९२९ च्या जूनमध्यें, पुस्तकाचें फ्रेंच भाषांतर बाहेर पडल्याच्या निमित्तानें, आद्रिएन मोनिए या प्रकाशिकेनें पॅरिसजवळच्या एका खेड्यांत मेजवानी दिली. ती भरली त्या उपाहारगृहाचें नांव लिओपोल्ड! पंचवीस वर्षें झाल्याचा हा सोहळा १६ ऐवजीं २७ तारखेला झाला, पण त्याबद्दल कोणी तक्रार केल्याचें दिसत नाहीं.

प्रत्यक्ष डब्लिनमध्यें हा दिवस पाळला जाण्यास १९५४ साल यावें लागलें. चित्रकार व संपादक जॉन रायन, विनोदी लेखक ब्रायन ओ'नोलन (हाच फ्लॅन ओ'ब्रायन), कवि पॅट्रिक कॅव्हना, तरुण लेखक अँथनी क्रोनिन, ट्रिनिटी कॉलेजांतील लेव्हेंथल आणि जॉइसच्या नात्यांतील टॉम जॉइस नांवाचे एक दंतवैद्य, अशा सहा जणांनीं दोन घोडागाड्या भाड्यानें केल्या. पुस्तकांतील स्थळें क्रमानें गांठीत दिवसभर फिरावयाचें, प्रत्येकानें एकेका पात्राची भूमिका घ्यावयाची, असा बेत होता. कॅव्हनानें तीनच वर्षांपूर्वीं, जॉइसवर प्रबंध लिहून पोट भरणाऱ्या विद्वानांची थट्टा करणारी कविता लिहिली होती. तेव्हां ही मंडळी भाविक नव्हती हें उघड आहे. वाटेंत मद्यालयें पुष्कळ लागलीं. बेली नांवाच्या मद्यालयांत गाड्या थांबल्या त्या थांबल्याच. पुढचा अर्धा मार्ग तसाच राहिला. अशा रीतीनें या उत्सवाची पहिली प्रदक्षिणा अपुरीच झाली.

तेथून पुढें मात्र तो वाढतच गेला. कादंबरीचा आरंभ ज्या समुद्रकांठच्या बुरुजांत होतो, तेथें १६ जून १९६२ रोजीं जॉइसचें संग्रहालय उघडलें, आणि त्या समारंभाला वृद्ध सिल्व्हिया बीच जातीनें हजर होत्या. १९८२ सालीं, जॉइसच्या जन्मशताब्दीच्या वर्षीं, आयरिश नभोवाणीनें सबंध पुस्तक सुमारें तीस तास अखंड वाचून दाखविलें. १९८८ सालीं ब्लूमच्या दुपारच्या वाटेवर पदपथांत धातूचे १४ फलक बसविण्यांत आले. २००४ सालीं शंभर वर्षें पूर्ण झालीं तेव्हां शहराच्या मुख्य रस्त्यावर सुमारें दहा हजार लोकांना न्याहारी वाढण्यांत आली.

न्याहारी हा या उत्सवाचा मुख्य विधि होय. पुस्तकांतील ब्लूम सकाळीं डुकराचा गुरदा परतून खातो, म्हणून भाविकही गुरदा खातात. आमच्या बहुतेक वाचकांच्या स्वयंपाकघरांत या नैवेद्याला प्रवेश मिळणार नाहीं, आणि ब्लूमच्या ज्यू पूर्वजांच्या स्वयंपाकघरांतही तो मिळाला नसता. जॉइसला तेंच सुचवावयाचें होतें. स्त्रीपुरुष १९०४ सालचा पोषाख करून, गवती टोप्या घालून रस्त्यांतून हिंडतात. दुपारीं डेव्ही बर्नच्या मद्यालयांत गॉर्गन्झोला चीज घातलेलें सँडविच आणि बरगंडी मद्याचा पेला, कारण ब्लूमनें तेंच घेतलें. स्वेनीच्या औषधालयांत त्यानें लिंबाच्या वासाची साबणाची वडी उचलली होती. २००९ सालीं तें औषधालय बंद पडल्यावर स्वयंसेवकांनीं ती जागा राखली आणि तेथें साबणाची विक्री व पुस्तकाचें वाचन चालू ठेवलें. गमतीची गोष्ट अशी कीं, कादंबरींतील ब्लूम मागाहून येऊन पैसे देतों असें सांगून साबण घेऊन जातो, आणि त्या दिवसांत परत येत नाहीं. भाविकांना मात्र पैसे रोख मोजावे लागतात.

या उत्सवावर नेहमीं घेतला जाणारा आक्षेप असा कीं, गवती टोप्या घालून मिरविणाऱ्यांपैकीं फार थोड्यांनीं पुस्तक वाचलेलें असतें. हा आक्षेप आम्हांस महत्त्वाचा वाटत नाहीं. वारीला निघालेल्या किती जणांनीं सबंध ज्ञानेश्वरी अर्थासह वाचली आहे, हें विचारून कोणी वारीचें मोल ठरवीत नाहीं. शिवाय हें पुस्तक एकट्यानें डोळ्यांनीं वाचतांना जितकें दुर्बोध वाटतें, तितकें कोणी मोठ्यानें वाचलें असतां वाटत नाहीं. त्यांत बोलण्याचे सूर आहेत, गाणीं आहेत, रस्त्यावरच्या हाका आहेत. तीस तासांच्या त्या पारायणानें जितक्या लोकांच्या कानांवर जॉइसचीं वाक्यें पडलीं असतील, तितक्यांपर्यंत पंडितांचीं भाष्यें पोंचणें कठीण. एवढेंच नव्हे, तर सामान्य माणसाची न्याहारी ही महाकाव्याच्या योग्यतेची वस्तु आहे, हा जॉइसचा दावाच आहे. तो दावा गुरदा खाऊन मान्य करणें यांत हास्यास्पद असें कांहीं नाहीं.

आमचा आक्षेप निराळा आहे. ब्लूमनें काय खाल्लें हें या उत्सवाला तपशीलवार आठवतें. त्यानें काय सोसलें हें आठवत नाहीं. त्याचीं दिवसाचीं घड्याळें सकाळीं आठला सुरू होतात आणि दुपारच्या जेवणापाशीं येऊन थांबतात. पुढें चार वाजतात, पांच वाजतात, आणि पुस्तकाचें मर्म तेथें आहे.

पांचच्या सुमारास ब्लूम बार्नी कीर्ननच्या मद्यालयांत जातो. मद्य पिण्याकरितां तो गेलेला नाहीं; सकाळीं ज्या मित्राला मूठमाती दिली त्याच्या विधवेला विम्याचे पैसे मिळवून देण्याची खटपट करावयाची, म्हणून एका गृहस्थाला भेटण्यास तो तेथें आला आहे. आंत 'नागरिक' या नांवानें ओळखला जाणारा एक उग्र देशाभिमानी आपल्या कुत्र्यासह बसला आहे. इंग्रजांवर तो आग पाखडतो, त्यांत पुष्कळ सत्यही आहे. पण बोलतां बोलतां त्याची नजर या ज्यूकडे वळते. तुझें राष्ट्र कोणतें, असा सवाल होतो. ब्लूम सांगतो, आयर्लंड. मी येथें जन्मलों. उत्तर साधें आहे, पण तें कोणाला पुरत नाहीं. आपल्या वंशाचा आजही छळ होत आहे, असें तो सांगतो. बळ आणि द्वेष हें कांहीं जीवन नव्हे, जीवन त्याच्या अगदीं उलट आहे, असें अडखळत म्हणतो, आणि लोक हंसतात. त्यांतच, त्यानें घोड्यांच्या शर्यतींत एकास वीस या भावानें पैसे जिंकले व तो कोणाला पेला पाजीत नाहीं, अशी खोटी वदंता पसरते. अखेर नागरिक संतापून त्याच्यावर बिस्किटांचा रिकामा डबा फेकतो आणि ब्लूम गाडींत बसून निसटतो. आयर्लंडचें स्वातंत्र्ययुद्ध पेटत होतें त्याच वर्षीं, १९१९ सालीं, जॉइसनें हें प्रकरण लिहिलें. तो साम्राज्याचा चाहता नव्हता. उद्यांच्या स्वतंत्र राष्ट्रांत परक्या बापाच्या मुलाला जागा असेल कीं नाहीं, एवढेंच तो विचारीत होता.

आयर्लंडनें या प्रश्नाला प्रथम दिलेलें उत्तर उत्साहजनक नव्हतें. 'युलिसिस'वर तेथें कायद्यानें बंदी कधींच घातली गेली नाहीं; पण पुस्तक उजळ माथ्यानें दुकानांत मिळत नसे. जॉइस १३ जानेवारी १९४१ रोजीं झुरिच येथें वारला. त्याच्या दफनविधीला आयरिश सरकारचा प्रतिनिधि आला नाहीं. त्याच्या अस्थि मायदेशीं याव्यात ही नोराची इच्छा होती, ती पुरी झाली नाहीं. दोघेंही झुरिचलाच विसावलीं आहेत. १९६७ सालीं या कादंबरीवर निघालेला चित्रपट आयर्लंडांत २००० सालापर्यंत दाखवितां आला नाहीं. उलट १९९३ सालीं दहा पौंडांच्या नोटेवर जॉइसचें चित्र छापण्यांत आलें, आणि २००४ सालीं, शताब्दीच्या प्रदर्शनास जॉइसच्या वारसांकडून अडथळा येऊं नये म्हणून, आयरिश विधिमंडळानें लेखाधिकाराचा कायदाच दुरुस्त केला. ज्याला घरांत घेतलें नाहीं त्याचा पुतळा दारांत बसवावयाचा, हा प्रकार आयर्लंडपुरताच नाहीं. परंतु येथें तो विशेष उघडा दिसतो, कारण जॉइसनें लिहिलेली कथाही हीच आहे. निरुपद्रवी झालेला परका सर्वांना आवडतो. ब्लूम आतां कोणाच्या मद्यालयांत शिरून अवघड उत्तर देणार नाहीं, म्हणून त्याच्या नांवानें पेले भरण्यास हरकत राहिली नाहीं.

हें म्हणणें कठोर वाटेल, म्हणून दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १९५४ च्या त्या सहा जणांनीं भूमिका वांटून घेतल्या तेव्हां ब्लूमची भूमिका लेव्हेंथल यांच्याकडे गेली, कारण ते स्वतः ज्यू होते. वरवर पाहतां हा विनोद. पण ब्लूम हा सर्वप्रथम कोण होता याची जाणीव त्या पहिल्या मंडळींना होती, एवढें यावरून सिद्ध होतें. हंगेरींतील सोम्बातहेय या गांवींही ब्लूमचा दिवस पाळला जातो, कारण ब्लूमचा बाप मूळचा तेथला. जो माणूस नव्हता त्याच्या बापाचें गांव! ही कल्पना हास्यास्पद आहे खरी, परंतु नागरिकाच्या सवालाला तें गांव जें उत्तर देतें तें डब्लिनमधील न्याहारीच्या ताटांत मिळत नाहीं. माणूस एका ठिकाणचा असून दुसऱ्या ठिकाणचाही असूं शकतो, हें तें उत्तर होय.

तेव्हां उत्सव बंद व्हावा असें आम्ही म्हणत नाहीं. त्याचा दिवस लांबावा, एवढेंच आमचें म्हणणें आहे. एक्लिस रस्त्यावरील ब्लूमचें ७ नंबरचें घर पाडलें जात असतां जॉन रायन यानें त्याचें दार वांचविलें आणि बेली मद्यालयांत नेऊन ठेवलें. पुढें तें जॉइसच्या नांवानें चालणाऱ्या संस्थेंत गेलें. १९०४ सालीं तें घर रिकामें होतें, आणि म्हणूनच जॉइसनें आपल्या नायकाला तें देऊं केलें. दार पाहण्यास लोक येतात. त्या दारांतून सकाळीं बाहेर पडलेल्या माणसाला दुपारीं आंत कां जातां आलें नाहीं, याचा विचार करीत त्यांनीं तेथें क्षणभर उभें राहावें.

आपल्या वाचकांपैकीं ज्यांना हें पुस्तक हातांत घेण्याचा धीर होत नसेल, त्यांना आमची एक सूचना आहे. पहिल्या पानापासून आरंभ करण्याचा हट्ट धरूं नये. अठरा प्रकरणांपैकीं प्रथम चौथें वाचावें. तेथें ब्लूम मांजराला दूध घालतो आणि बायकोची न्याहारी वर नेऊन देतो. मग सहावें, अंत्ययात्रेचें. मग आठवें, दुपारचें. आणि तेथून थेट बारावें. आठव्या प्रकरणाच्या अखेरीस एक लहानसा प्रसंग आहे. एक अंध तरुण रस्त्याच्या कडेला काठी टेंकीत उभा आहे. ब्लूम त्याला हाताला धरून पलीकडे पोंचवितो, आणि आपण दया करीत आहों असें त्याला वाटूं नये म्हणून काय बोलावें, याचा मनाशीं विचार करीत राहतो. या प्रसंगीं कांहीं खाणेंपिणें नाहीं, म्हणून तो उत्सवांत फारसा कोणाच्या लक्षांत येत नाहीं. ज्याच्या घरीं कांहीं वेळानें काय होणार आहे हें वाचकाला ठाऊक आहे, त्या माणसानें त्या वेळीं परक्याच्या हाताची अशी काळजी घ्यावी, हें आम्हांस या पुस्तकांतील सर्वांत मोठें स्थळ वाटतें. १६ जूनला तेवढीं दोन पानें कोणी मोठ्यानें वाचून दाखविलीं, तरी ब्लूमचा दिवस पाळल्यासारखें होईल.